अँथनी मिंगेला : ऐकून लिहिणारा दिग्दर्शक

ओसरी (धागाकर्ता)

'द टॅलेंटेड मिस्टर रिप्ली'च्या सुरुवातीला एक छोटा प्रसंग आहे. न्यूयॉर्कमधल्या आपल्या कोंदट खोलीत टॉम रिप्ली डोळ्यांवर पट्टी बांधून बसलाय. रेकॉर्ड लावायची, ऐकायचं आणि वाजवणारा कोण ते ओळखायचं, असा अभ्यास चाललाय. जॅझ हा त्याचा प्रांत नाही. पण ज्या डिकी ग्रीनलीफला परत आणायला तो इटलीला निघालाय, त्या डिकीला जॅझचं वेड आहे. डिकीच्या घरात शिरायचं तर आधी त्याला जे ऐकू येतं ते आपल्याला ऐकू यायला हवं, हे टॉमने ओळखलंय.

पॅट्रिशिया हायस्मिथच्या कादंबरीतला डिकी हौशी चित्रकार आहे. त्याच्या हातातला ब्रश काढून सॅक्सोफोन दिला तो अँथनी मिंगेलाने. हा सिनेमा मी आधी तीनदा पाहिला होता, पण त्या पट्टीकडे लक्ष गेलं ते गेल्या महिन्यात, चौथ्या वेळी. तेव्हापासून मिंगेलाचं मिळेल ते काम शोधून पाहतोय, ऐकतोय. रेडिओ, टीव्ही, रंगभूमी, सिनेमा, ऑपेरा, एवढ्या ठिकाणी वावरलेला हा माणूस आपल्याकडे फक्त 'इंग्लिश पेशंटवाला' म्हणून ओळखला जातो, याचं मला मनापासून वाईट वाटतं. म्हणून हा धागा.

जन्म ६ जानेवारी १९५४, इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्याजवळच्या आइल ऑफ वाइट बेटावर, राइड गावात. घरचा आइस्क्रीमचा धंदा, मुळं इटलीतली. हल विद्यापीठात नाटक शिकला आणि तिथेच शिकवायला लागला. सॅम्युएल बेकेटवर प्रबंध लिहायला घेतला, तो पुरा झाला नाही. मग 'ग्रेंज हिल' या बीबीसीच्या शाळकरी मुलांच्या मालिकेत स्क्रिप्ट एडिटर. दुसऱ्यांनी लिहिलेले प्रसंग दुरुस्त करायचे, मुलं खरंच अशी बोलतील का हे तपासायचं. बरोबरीने नाटकं चालूच होती. 'मेड इन बँकॉक' १९८६चं.

मला जिथे थांबावंसं वाटतं ती त्याची १९८८ची श्रुतिका, 'सिगरेट्स अँड चॉकलेट'. जेमा नावाची एक तरुण बाई एके दिवशी बोलणं बंद करते. आजार नाही, भांडण नाही. सिगरेट सोडावी, चॉकलेट सोडावं, तसं तिने बोलणं सोडलंय. मित्रमंडळी येतात, काळजी करतात, रागावतात, आणि समोरून उत्तर येत नाही म्हटल्यावर हळूहळू आपल्या पोटातलं ओकायला लागतात. तिच्या मौनासमोर प्रत्येक जण उघडा पडतो.

आता हे नभोनाट्य आहे, हे लक्षात घ्या. रंगमंचावर गप्प बसलेला नट निदान दिसतो. रेडिओवर गप्प बसलेलं पात्र म्हणजे नसलेलं पात्र. आणि तरीही पूर्ण वेळ ती खोलीत आहे असं वाटत राहतं, कारण बाकीचे ज्या तऱ्हेने बोलतात, थांबतात, पुन्हा सुरू करतात, त्यातून तिचा चेहरा आपल्या मनात उमटतो. हे ज्याला लिहिता आलं, त्याला पुढे कॅमेरा हातात घेतल्यावर कसली भीती वाटणार!

त्याच सुमारास दोन टीव्हीची कामं. 'इन्स्पेक्टर मोर्स' या मालिकेचा पहिलाच भाग, 'द डेड ऑफ जेरिको', त्याने लिहिला. प्रसारण ६ जानेवारी १९८७, म्हणजे त्याच्या ३३व्या वाढदिवशी. कॉलिन डेक्स्टरची कादंबरी हाताशी होती, पण मिंगेलाने मोर्सला चर्चमधल्यासारख्या समूहगायनात आणून बसवलं. तिथे त्याला अ‍ॅन भेटते, आवडते, आणि लवकरच तिचा मृतदेह सापडतो. पुढचा तपास म्हणजे एका एकट्या माणसाचं दुःख आहे. नंतर त्याने या मालिकेचे आणखी दोन भाग लिहिले. त्यातला 'डिसीव्हड बाय फ्लाइट' (१९८९) क्रिकेटप्रेमींनी जरूर पाहावा. ऑक्सफर्डच्या जुन्या विद्यार्थ्यांचा क्रिकेट संघ, आणि सार्जंट लुईस ओळख लपवून त्यांच्यात वावरतो.

दुसरं काम जिम हेन्सनच्या 'द स्टोरीटेलर'चं. युरोपातल्या लोककथा, नऊ भाग, नऊही मिंगेलाचे. जॉन हर्ट शेकोटीपाशी बसून गोष्ट सांगतो आणि शेजारी एक बोलणारा कुत्रा. कुत्रा मध्येच शंका काढतो, घाबरतो, 'मग पुढे?' म्हणतो. आपल्याकडे आजी गोष्ट सांगताना 'हुं म्हण रे' म्हणायची ना? हुंकार थांबला की गोष्ट थांबायची. तो कुत्रा म्हणजे हुंकार देणारा.

आणि मग १९९०चा 'ट्रूली, मॅडली, डीपली'. दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट, बीबीसीसाठी केलेला, ज्युलिएट स्टीव्हन्सनला डोळ्यासमोर ठेवून लिहिलेला. नीनाचा जेमी, चेलो वाजवणारा, अचानक गेलाय. एका रात्री ती एकटीच पियानोवर बाख वाजवत बसते, त्यांनी जोडीने वाजवलेला तुकडा. पियानोचा आपला भाग ती वाजवते आणि कुठल्या तरी क्षणी चेलोचा भागही ऐकू यायला लागतो. आधी ऐकू येतं, मग दिसतं. भूत आणायचं होतं तर धूर सोडता आला असता, दार करकरवता आलं असतं. मिंगेलाने एक सूर आणला.

सिनेमांवर मी मुद्दाम थोडकं लिहिलंय. इथे जाणकार आहेत, त्यांनी भर घालावी.

---

सायली_रेडिंगकर

ओसरीदादा, मनातलं लिहिलंत. मी इथे इंग्लंडला येऊन २२ वर्षं झाली, टीव्हीवर 'मोर्स'चे जुने भाग अजून लागतात आणि आमच्याकडे रविवारी दुपारी ते पाहिले जातात. एक गंमतशीर धागा सांगते. 'मोर्स'मधला सार्जंट लुईस म्हणजे केव्हिन व्हेटली. तोच 'इंग्लिश पेशंट'मध्ये बॉम्ब निकामी करणाऱ्या किपचा सहकारी सार्जंट हार्डी आहे. युद्ध संपल्याच्या आनंदात पुतळ्यावर चढतो आणि तिथे पेरलेल्या स्फोटकाने मरतो, तो. शिवाय 'मोर्स'चं संगीत आणि 'ट्रूली, मॅडली'चं संगीत एकाच माणसाचं, बॅरिंग्टन फेलाँगचं. माणसं धरून ठेवायची सवय असावी मिंगेलाला.

इथल्या रेडिंग विद्यापीठात सिनेमा-नाटकाच्या विभागाची इमारत त्यांच्या नावाने आहे, मिंगेला स्टुडिओज. माझी मुलगी तिथे नाटकाच्या तालमीला जायची. नावामागचा माणूस आज कळला.

---

कट_टू

मी गेली अकरा वर्षं डेली सोप लिहितो, त्यामुळे 'ग्रेंज हिल'च्या उल्लेखाशी अडखळलो. तुम्ही तो एका ओळीत उरकलात, मला तिथे थोडं बोलायचंय.

स्क्रिप्ट एडिटर म्हणजे काय हे बाहेरून कळत नाही. आमच्याकडे कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे. सकाळी वनलाइन (प्रसंगांचा एकेका ओळीतला आराखडा) मंजूर होते, संध्याकाळपर्यंत स्क्रीनप्ले येतो, रात्री संवाद लिहायचे, सकाळी सातला सेटवर पाने हवीत. बँक (आधीच शूट करून ठेवलेले भाग) संपलेली असली तर नट मेकअपला बसलेला असतो आणि आपण शेजारी बसून त्याचाच सीन लिहीत असतो. या रेट्यात एक गोष्ट अंगात भिनते : कुठलं वाक्य नटाच्या तोंडात बसेल आणि कुठलं घरंगळेल, हे डोळे मिटून कळायला लागतं. मिंगेलाची भाषा इतकी बोलकी का, याचं उत्तर मला तरी बेकेटच्या प्रबंधापेक्षा 'ग्रेंज हिल'मध्ये जास्त सापडतं. शेकडो पाने दुसऱ्यांची वाचून, ती तोंडाने म्हणून बघून दुरुस्त केली की कान तयार होतो. लोक टीव्हीला उमेदवारी समजतात. ती तालीम असते, रोजची, घाम काढणारी.

आता माझी अडचण. आम्हाला वरून सांगणं येतं, पात्राला गप्प ठेवू नका. प्रेक्षक भाजी निवडत, पोळ्या लाटत ऐकतात, पडद्याकडे बघतच नाहीत, तेव्हा आवाज थांबला की चॅनल बदलतात. अनेक वर्षं मी हे मानत आलो. एकदा सुनेला बाप गेल्याची बातमी कळते असा सीन होता. मी तिला एकही वाक्य दिलं नव्हतं. फोन आला, चार वाक्यं घाला. घातली. ती चार वाक्यं मला अजून आठवतात आणि अजून खुपतात.

आणि इथे तुम्ही सांगताय की एकाने चक्क रेडिओवर मुख्य पात्राला गप्प बसवलं. जिथे बघायला काहीच नाही, तिथे! ही श्रुतिका मी ऐकणार आहे. ओसरी, तुम्ही ऐकलीत तेव्हा जेमाची चाहूल नेमकी कशातून लागत होती? श्वास? वस्तूंचे आवाज?

---

ओसरी

कट_टू, तुमचा प्रतिसाद तीनदा वाचला. 'ग्रेंज हिल' मी खरंच घाईत उरकलं.

मला तरी चाहूल लागली ती समोरच्याच्या वाक्यांतून. माणूस प्रश्न विचारतो, थांबतो, आणि मग स्वतःच्याच प्रश्नाचं उत्तर द्यायला लागतो. मधली जी फट आहे तिच्यात ती बसलेली असते. कुणी चिडून बोलतं, लगेच माफी मागतं. म्हणजे तिने काहीतरी पाहिलं असणार, नजर वर केली असणार. तिथे लेखकाने तिला वाक्यं दिली नाहीत, पण बाकीच्यांच्या वाक्यांत तिच्यासाठी जागा सोडली.

---

भूपाळी

मी इथे फारसं लिहीत नाही, वाचते. पण 'ट्रूली, मॅडली, डीपली'चं नाव आलं म्हणून.

यजमानांना जाऊन सहा वर्षं झाली. पहिल्या वर्षी एका मैत्रिणीने हा सिनेमा बघ म्हणून सांगितलं आणि मी तिच्यावर रागावले होते. मग एका रात्री झोप येईना म्हणून लावला. सुरुवातीला ती नीना समुपदेशकासमोर बसून रडते. सिनेमात बायका रडतात तशी नाही. नाक वाहतंय, ते पुसायचं भान नाही, चेहरा वाकडातिकडा झालाय, रागाने शब्द फुटत नाहीत. मी असंच रडले होते, मोरीत, नळ सोडून, म्हणजे मुलांना ऐकू जाऊ नये. कुणी तरी ते पाहून ठेवल्यासारखं वाटलं.

पण मला जास्त आवडलं ते पुढचं. जेमी परत येतो आणि थोड्या दिवसांत तिला त्याचा वैताग यायला लागतो. त्याला सारखी थंडी वाजते म्हणून घरात उकडेपर्यंत हीटर. सामान हलवून ठेवतो. गालिचा उखडतो. त्याचे भूत-मित्र रात्रभर व्हिडिओवर सिनेमे बघत बसतात, आणि तिला तिच्याच घरात जागा उरत नाही. गेलेल्या माणसाला आपण लगेच देव करतो. हार घालतो, 'त्यांचं किती चांगलं होतं' म्हणतो. ह्यांना सगळ्या वाटीतलं थोडं थोडं टाकून उठायची सवय होती, मी पंचवीस वर्षं त्यावरून चिडले, आणि ते गेल्यावर ते चिडणंसुद्धा कुणासमोर आठवता येईना. त्या सिनेमाने मला ते आठवायची मोकळीक दिली. ह्यांचा दाढीचा ब्रश दीड वर्ष बेसिनपाशी होता. सिनेमा पाहिल्यावर आठवड्याभरात मी तो उचलून कपाटात ठेवला.

शेवटी नीना दुसऱ्या माणसाबरोबर निघते आणि जेमी खिडकीतून पाहत असतो. तो तिला त्रास द्यायलाच आला होता का, म्हणजे तिने त्याला सोडावं म्हणून? माझं उत्तर दर वेळी बदलतं.

---

निशिगंध८१

भूपाळीताई, काय लिहू. तुमचा प्रतिसाद आईला वाचून दाखवला. ती म्हणाली, त्यांना सांग मीसुद्धा नळ सोडायचे.

---

त्रिज्या

धागा छान आहे, पण 'इंग्लिश पेशंट'बद्दल माझी एक जुनी सल आहे आणि ती इथे मांडतेच.

मायकेल ओन्डाचेंची कादंबरी १९९२ची, बुकर मिळालेली. तिच्यात किरपाल सिंग ऊर्फ किप हा अर्धा प्राण आहे. ब्रिटिश सैन्यात बॉम्ब निकामी करणारा पंजाबी शीख. कादंबरीचा शेवट त्याच्या हातात आहे. हिरोशिमाची बातमी रेडिओवर कळते आणि तो उन्मळून पडतो. ज्यांच्यासाठी आपण जिवावर उदार होऊन एकेक वायर कापली, त्यांनी आशियातल्या एका शहरावर हे टाकलं. तो बंदूक घेऊन त्या जळालेल्या रुग्णासमोर उभा राहतो आणि मग सगळं सोडून निघून जातो.

मिंगेलाच्या चित्रपटात हिरोशिमा नाही. किप खचतो तो हार्डी मेल्यामुळे. वैयक्तिक दुःख. आणि पडद्यावरचा बहुतेक वेळ जातो अल्माशी (तोच जळालेला रुग्ण) आणि कॅथरिनच्या प्रेमाला. ऑस्करच्या १२ नामांकनांपैकी ९ मिळाली, सर्वोत्कृष्ट चित्रपट आणि दिग्दर्शनासह. मला त्या नऊंच्या आनंदात सहभागी होता आलं नाही. एका भारतीय सैनिकाचा राग काढून टाकला की गोष्ट जगाला सोपी जाते, हे मला आजही टोचतं. ऐकणारा लेखक म्हणताय ना? मग किपचं का नाही ऐकलं?

---

ओसरी

त्रिज्या, हा प्रश्न टाळता येणार नाही. हिरोशिमा काढल्याने गोष्टीचा कणा हलला, हे मलाही मान्य आहे.

पण किपचं अजिबातच ऐकलं नाही, असं मी म्हणणार नाही. तो किपलिंगचा प्रसंग पाहा. किप रुग्णाला किपलिंगची 'किम' ही कादंबरी वाचून दाखवतोय. रुग्ण त्याला शिकवतो की बाबा रे, सावकाश वाच, स्वल्पविराम कुठे येतो ते बघ. किप म्हणतो, शब्द माझ्या घशात अडकतात. मग लाहोरच्या त्या झमझमा तोफेबद्दल सांगतो, की शहरातल्या घराघरातून भांडी गोळा करून, वितळवून ती ओतली, आणि पुढे तीच तोफ आमच्या लोकांवर चालवली गेली. आणि हे सांगताना तो रुग्णाने शिकवलेले स्वल्पविराम, पूर्णविराम मोठ्याने उच्चारतो. नवीन अँड्र्यूजने ते हसत हसत म्हटलंय, म्हणून जास्त लागतं. स्वयंपाकघरातल्या तांब्या-वाट्यांची तोफ. हे वाक्य ऐकल्याशिवाय लिहिता येत नाही.

तरी तुमचा मुद्दा उरतोच. एक प्रसंग म्हणजे शेवट नव्हे.

---

त्रिज्या

तो प्रसंग मला आवडतो. म्हणूनच सल जास्त आहे. ज्याला हे जमलं होतं त्याने शेवटही करायला हवा होता.

---

फ्रेम_क्रमांक

पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटला एडिटिंग शिकत होतो तेव्हा 'इंग्लिश पेशंट' आम्ही टेबलावर अक्षरशः सोलून काढला होता, म्हणून आवाजाविषयी दोन गोष्टी.

संकलक वॉल्टर मर्च. त्याला या चित्रपटासाठी संकलन आणि ध्वनी अशी दोन ऑस्कर मिळाली. संगणकावर, एव्हिडवर, कापलेल्या चित्रपटाला संकलनाचं ऑस्कर मिळण्याची ती पहिली वेळ. हा माणूस उभा राहून काम करतो, शल्यविशारदासारखा.

चित्रपटाच्या सुरुवातीला कागदावर कुंचल्याने पोहणाऱ्या माणसांची आकृती उमटते आणि मार्ता सेबेस्त्येनचा हंगेरियन सूर येतो. त्याच वेळी मागे बारीक किणकिण आहे. घंटा वाटतात, उंटाच्या असाव्यात असं वाटतं. बऱ्याच वेळाने वाळवंटात एक अरब वैद्य येतो, त्याच्या खांद्यावर कावडीसारखं लाकूड आणि त्याला लटकलेल्या औषधाच्या काचेच्या बाटल्या. किणकिण त्या बाटल्यांची. म्हणजे आवाज आधी दिला आणि त्याचा मालक नंतर दाखवला. ओसरींनी चेलोबद्दल लिहिलंय ना, 'आधी ऐकू येतं, मग दिसतं', तेच इथे. मी त्या दोन गोष्टी कधी जोडल्या नव्हत्या.

दुसरं, वाळवंटातली शांतता. आवाज पूर्ण बंद केला तर प्रेक्षकाला वाटतं स्पीकर बिघडला. शांतता ऐकू यावी म्हणून मर्चने अगदी सूक्ष्म, किड्यामुंग्यांसारखे खुसखुस आवाज पेरले. 'कट_टू', तुमच्या सुनेच्या सीनला हे लागू पडेल. मौन ठेवायचं तर त्याच्या मागे घर चालू ठेवा. कुकर, घड्याळ, गॅलरीतलं कबूतर.

'रिप्ली'चा शेवटही (ज्यांनी पाहिला नाही त्यांनी हा परिच्छेद सोडावा) असाच आहे. शेवटचा खून आपण पाहतच नाही. टॉम आपल्या केबिनमध्ये एकटा बसलाय, आणि पीटर या त्याच्या मित्राचा प्रेमळ आवाज, टॉममध्ये काय काय चांगलं आहे ते सांगणारा, आपल्या कानावर पडतोय, आणि मग तो आवाज घुसमटतो. कपाटाचं आरशाचं दार बोटीच्या हेलकाव्याने हलत राहतं.

---

पिंगुळी_ते_जर्सी

ऑपेराबद्दल कुणी लिहिलं नाही म्हणून. मिंगेलाचं 'मादाम बटरफ्लाय' मी न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात पाहिलं. २००५मध्ये लंडनच्या इंग्लिश नॅशनल ऑपेरासाठी बसवलेलं, पत्नी कॅरोलिन चोआ यांच्याबरोबर, आणि २००६मध्ये ते न्यूयॉर्कला आलं. त्यात बटरफ्लायचा लहान मुलगा हा खरा मुलगा नाही, बाहुली आहे. जपानी बुनराकू पद्धतीची, तीन काळ्या कपड्यांतली माणसं तिला चालवतात.

माझं आजोळ कुडाळजवळ. पिंगुळीच्या ठाकरांच्या कळसूत्री बाहुल्या बघत मी वाढलो. त्या दोऱ्यांवरच्या, ह्या हातांवरच्या, तंत्र निराळं. पण बाहुलीवाल्याची नजर बाहुलीवर खिळलेली असली की बघणाऱ्याचीही तिथेच खिळते, हे मी आजोबांच्या मांडीवर बसून शिकलो होतो आणि ते तिथे, हजारो लोकांच्या त्या सभागृहात, पुन्हा अनुभवलं. आई गाते तेव्हा ते बाहुलीचं पोर मान किंचित कलती करून ऐकतं. तेवढंच. माझ्या शेजारच्या अनोळखी बाईने माझा हात धरला.

---

सह्याद्री_वारा

सगळे इतकं चांगलं लिहिताय की विरोधी सूर काढायला धीर होत नाही, तरी लिहितो. 'कोल्ड माउंटन' (२००३) मला लांबलेला वाटतो. पीटर्सबर्गच्या सुरुंगस्फोटाची सुरुवात थरारक आहे, रेने झेलवेगर सगळा चित्रपट खांद्यावर घेते (तिला त्याचं ऑस्करही मिळालं), चर्चमधलं समूहगान अंगावर काटा आणतं. पण मुख्य जोडी एकमेकांशी फारशी बोललेलीच नाही, आणि त्यांच्यासाठी आपण अडीच तास तळमळावं अशी अपेक्षा आहे. अमेरिकेतलं यादवी युद्ध रुमानियात चित्रित केलंय, ते खटकत नाही. हे खटकतं.

त्यामानाने 'ब्रेकिंग अँड एंटरिंग' (२००६) छोटा, अपुरा, पण जिवंत. 'ट्रूली, मॅडली'नंतर तेवढीच मूळ स्वतःची पटकथा. लंडनच्या किंग्ज क्रॉसमधला वास्तुविशारद आणि शिवणकाम करणारी बोस्नियन निर्वासित बाई. ज्युलिएट बिनोश त्यात शिवणयंत्रावर बसलेली असते तेव्हा ती खरंच पोटासाठी शिवतेय असं वाटतं.

---

ओसरी

सह्याद्री, 'कोल्ड माउंटन'बद्दल मी तुमच्याच बाजूचा आहे. १९९३चा 'मिस्टर वंडरफुल' तर मी धाग्यात घेतलाही नाही, त्याची पटकथा मिंगेलाची नव्हती आणि ते जाणवतं.

शेवटच्या कामांबद्दल लिहायचं राहिलं होतं. १८ मार्च २००८ला तो गेला, ५४व्या वर्षी. बोत्स्वानात चित्रित केलेला 'द नंबर वन लेडीज डिटेक्टिव्ह एजन्सी' पाचच दिवसांनी, ईस्टरच्या रविवारी, बीबीसीवर दाखवला गेला. टीव्हीपासून निघालेला माणूस टीव्हीवरच परत आला होता. 'न्यूयॉर्क, आय लव्ह यू'साठी त्याने लिहिलेला भाग मग आपल्या शेखर कपूरने दिग्दर्शित केला. निर्माता म्हणून ज्यात त्याचा हात होता त्या 'द रीडर'ला पुढे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं नामांकन मिळालं, तेव्हा तो आणि त्याचा भागीदार सिडनी पोलॅक, दोघंही हयात नव्हते.

आणि 'अटोनमेंट'च्या (२००७) शेवटी तो स्वतः पडद्यावर आहे. म्हातारी लेखिका ब्रायनी टीव्हीवर मुलाखत देते, आयुष्यभराची कबुली देते. मुलाखत घेणारा मिंगेला. व्हेनेसा रेडग्रेव्ह बोलते आणि तो ऐकतो.

---

सायली_रेडिंगकर

अरे देवा! तो सिनेमा मी चित्रपटगृहात पाहिलाय. तो मुलाखतकार कोण असा प्रश्नही पडला नव्हता.

---

भूपाळी

निशिगंध, आईंना नमस्कार सांगा. काल पुन्हा लावला. या वेळी धाकटी शेजारी होती. चेलोपर्यंत आलो तेव्हा ती म्हणाली, आवाज वाढव. तिने पहिल्यांदाच बाबांच्या जेवणाचा विषय काढला. किती टाकायचे गं, म्हणाली. आम्ही बराच वेळ त्यावर बोललो, चित्रपट तसाच थांबवून.

---

कट_टू

उशिरा आलो, शूटिंग चालू होतं.

सिगरेटवाली श्रुतिका मिळाली. गोरेगावहून बोरिवलीला लोकलमध्ये उभ्याने ऐकली, एक स्टेशन पुढे गेलो.

या आठवड्यात आमच्याकडे एक सीन होता, थोरली बहीण धाकटीला सांगते की तिने घर गहाण टाकलंय. थोरलीची वाक्यं होती तशीच ठेवली. धाकटीची सहा होती, सहाही काढली, आणि थोरलीच्या वाक्यांत दोन ठिकाणी तिला मध्येच थांबवलं. 'फ्रेम_क्रमांक', तुमचा कुकरही घातला, कंसात 'दुसरी शिट्टी' असं लिहून. दिग्दर्शकाने पान वाचलं, माझ्याकडे बघितलं, काही बोलला नाही आणि तसंच शूट केलं. धाकटीचं काम करणारी मुलगी नवीन आहे. कट म्हटल्यावरही ती ओट्यापाशी तशीच उभी होती.

अजून फोन आलेला नाही. गुरुवारी जाईल.